सोळा नंबरची पट्टी

१

बंद पडलेल्या संघांचा अभ्यास करताना मी एक शिस्त पाळत आले आहे: आधी वस्तू, मग माणसे. माणसे आठवणींना कल्हई करतात. वस्तूंना ते जमत नाही.

आइस हॉकीचा व्यावसायिक संघ बंद पडतो तेव्हा गावात नेमके काय उरते, हा माझा विषय. उत्तरेकडच्या गिरण्यांच्या आणि खाणींच्या गावांत असे संघ वीसेक वर्षे जगले आणि मेले. मागे उरले ते एखाद्या खानावळीच्या भिंतीवरचे निशाण, आणि काळ मोजण्याची एक रीत. आमच्या टॅमरॅक फॉल्समध्ये अजूनही म्हाताऱ्या बायका धाकट्या मुलाचे वय सांगताना म्हणतात, ‘सॉयर्स जिंकले त्या हिवाळ्यातला.’ सॉयर्स म्हणजे आमचा संघ. तो १९७९ च्या मार्चमध्ये बंद झाला.

१९९९ च्या मार्चमध्ये मला गावाने बोलावून घेतले. जुनी रिंक, म्हणजे सामन्यांचे बंदिस्त बर्फाचे मैदान, मे महिन्यात पाडायची होती. तत्पूर्वी एका शनिवारी दुपारी स्मृतिसामना ठरला होता: सॉयर्सच्या खेळाडूंचे मुलगे-पुतणे विरुद्ध शेजारच्या पाइन पोर्टेज गावाच्या खेळाडूंचे मुलगे-पुतणे, दोन्हीकडे जुन्याच जर्सी. आमच्या जर्सी पत्र्याच्या पेटीत, वडिलांच्या तळघरात होत्या. आर्मस राउतिओ, म्हणजे माझे वडील, सहा हिवाळे संघाचे सामानसुमान सांभाळत: स्केट्सना धार लावणे, जर्सी धुणे, फाटलेले शिवणे. आम्ही भावंडे त्यांना फिन्निश रीतीने ‘इसा’ म्हणतो.

आईच्या जुन्या स्वयंपाकघरातील टेबलावर मी एकोणीस जर्सी मांडल्या आणि प्रत्येकीसाठी एक कार्ड लिहू लागले. रंग, माप, डाग, दुरुस्त्या. प्रत्येक जर्सीच्या आतून, पाठीकडच्या काठाला चार बोटे रुंदीची पट्टी शिवलेली असते आणि तिच्या टोकाला टिचबटण. ही पट्टी विजारीच्या कमरपट्ट्यातून ओवून बटण लावायचे. बर्फावर मारामारी जुंपली की समोरचा पहिली ओढ तुमच्या जर्सीला देतो. ती डोक्यावरून वर गेली की डोळे झाकले जातात, दोन्ही हात बाह्यांत अडकून वर राहतात आणि तुम्ही माणूस न राहता टांगलेले पोते होता. पट्टी लावलेली असेल तर जर्सी वर जात नाही. तेवढ्यासाठीच ती असते.

अठरा जर्सींच्या पट्ट्या घामाने काळ्या झालेल्या, काठाला विरलेल्या होत्या. सोळा नंबरची पट्टी अर्धीच होती. मी कार्डावर लिहिले, ‘पट्टी: तुटलेली.’ मग भिंग घेतले. तुटलेल्या कापडाला दोऱ्यांची झालर सुटते. या पट्टीला एकही दोरा सुटलेला नव्हता.

मी खोडून लिहिले: ‘कापलेली.’

२

सोळा नंबर लुसियन बोडेटचा. क्वेबेकमधल्या एका लाकूडतोड्यांच्या वस्तीतून आलेला, सव्वासहा फुटी, स्केटिंगमध्ये सुमार. त्याचे काम एकच होते. आपल्या चपळ पोरांना कोणी आडवे पाडले की त्याचे तोंड फोडायचे आणि पाच मिनिटे शिक्षेच्या बाकावर जाऊन बसायचे. प्रत्येक संघात असा एक असे आणि गावाचा जीव त्याच्यावरच जास्त असे.

त्याचा शेवट गावातला प्रत्येक जण सांगतो. पाइन पोर्टेजशी सामना. तिसऱ्या सत्रात, पाहुण्यांच्या बाकासमोर, लुसियनने आणि त्यांच्यातल्या एकाने मारामारीसाठी हातमोजे टाकले. लुसियनची पट्टी तुटली, जर्सी डोक्यावर गेली. मग कोणी वीस ठोसे म्हणते, कोणी तीस. पंच रीतीप्रमाणे बाजूला उभे राहिले, कारण एक जण पडेपर्यंत किंवा दोघे दमेपर्यंत मध्ये हात घालायचा नसतो. आणि दोन्ही बाकांवरचे खेळाडू रीतीप्रमाणेच कठड्याच्या फळ्यांवर हॉकीच्या स्टिका आपटत राहिले. चांगल्या मारामारीचा तो मान. लुसियन तिसऱ्या दिवशी गेला. त्याच आठवड्याच्या शनिवारी संघही बंद झाला.

मी सदतीस जणांच्या मुलाखती ध्वनिमुद्रित केल्या होत्या. सदतीसही जण म्हणाले होते, पट्टी तुटली. एकाही तोंडातून ‘निसटली’ आले नाही, ‘सुटली’ आले नाही. इतक्या तोंडांत एकच क्रियापद सापडले की लोककथेच्या अभ्यासकाला आनंद व्हायला हवा. मलाही तेव्हा झाला होता.

सोळा नंबर माझा धाकटा भाऊ रेइनो घालणार होता. तो संध्याकाळी आला आणि इलायचीचा पाव कॉफीत बुडवून खात माझी कार्डे उलटीपालटी करू लागला.

“हात पुस आधी,” मी म्हटले. “आणि सोळा नंबर डॅरिलला दे.”

“डॅरिलच्या पोटात दोन लुसियन मावतील, पण बाहीत त्याचा दंड जायचा नाही. मीच घालणार.”

“पट्टी नाहीये तिला.”

“आयली, समोर कोण आहे माहितीये का? डग हॅलेट. पाइन पोर्टेजचा दातांचा डॉक्टर. परवा फोनवर म्हणाला, तुझे दात पडले तर मीच बसवून देतो, आणि घाबरू नकोस, भूल देऊन पाडतो. लोकांना हसवायला दुसऱ्या सत्रात आम्ही एक खोटी मारामारी करणार आहोत. हातमोजे टाकायचे, दोन गिरक्या घ्यायच्या, मिठी मारायची. झालं.”

“कोणाची कल्पना?”

“डगचीच. का गं?”

मी कार्डे गोळा करू लागले. कापलेल्या पट्टीबद्दल बोलायचे तर ती कोणी कापली असेल हेही बोलावे लागले असते. संघाच्या खोलीत सुरी, कात्री आणि सुई एकाच माणसाच्या ताब्यात असत.

३

गुरुवारी सकाळी अकरा वाजता मी रिंकचे कपडे बदलायचे दालन मोजायला गेले. आत कोणी नव्हते. सवयीने मी ध्वनिमुद्रक चालू करून बाकावर ठेवला. रिकाम्या जागांचाही आवाज मी जपून ठेवते.

मोजणीची टेप धरून मी कोपऱ्यात वाकले होते, तेव्हा स्टिकांचा आवाज सुरू झाला.

पहिली एक. मग तीन-चार. मग लाकडावर लाकूड, सगळीकडून, एका ठेक्यात. मी रिंकवर आले. बर्फ पांढरा, कोरा. बाक रिकामे. आवाज कठड्याच्या पिवळ्या फळ्यांतून येत होता. जवळ जावे तसा तो लांबच्या बाजूला सरके. शीतक यंत्राचा कंप फळ्यांत उतरत असावा, असे मी स्वतःला सांगितले. यंत्राचा ठेका एकसारखा असतो, हेही मला ठाऊक होते. हा ठेका वाढत गेला, कोणाला तरी चेव यावा तसा, आणि मग एकदम थांबला. घरी फीत ऐकून मी घड्याळ लावले. पाच मिनिटे, वर सेकंदही नाही.

बाहेर रिंकचा रखवालदार स्टॅन बर्फ सपाट करणाऱ्या यंत्रातून खरवडलेला किस अंगणात ओतत होता. ढीग गुलाबी होता.

“तीन दिवस झाले, असाच निघतोय,” तो म्हणाला. “पाहुण्यांच्या बाकासमोरचा तुकडा. बर्फाखालच्या रेषेचा रंग सुटला असेल.”

“तिथे रेष आहे?”

स्टॅनने यंत्र बंद केले, हातमोजा काढून नाक पुसले. “नाही,” तो म्हणाला. “बाई, तुम्ही शिकलेल्या आहात. तुम्हीच सांगा कसला रंग.”

मी किस बोटांत घेतला. तो वितळून मनगटापर्यंत ओघळला, आणि रंग गंजाचा आहे असे मी वहीत लिहिले.

४

इसा चौऱ्याहत्तर वर्षांचे होते. काठी घेऊन चालत, पण हात स्थिर होते. शुक्रवारी मी त्यांच्याकडे गेले तेव्हा ते रेइनोच्या स्केट्सना दगडावर धार लावत होते. मी सोळा नंबरची जर्सी, अर्धी पट्टी वर येईल अशी, त्यांच्यापुढे टेबलावर ठेवली.

त्यांनी तिच्याकडे पाहिले. दगड खाली ठेवला नाही.

“ती पेटी मी वीस वर्षांत उघडली नाही. मला वाटलं होतं, ही त्याच्याबरोबर पुरली,” ते म्हणाले.

“इसा, तुम्ही कापलीत?”

“तो आधी पाठ करून उभा राहायचा. दर सामन्याला. जर्सी चढवायचा, माझ्याकडे पाठ करायचा आणि विचारायचा, बांधलंस? मी म्हणायचो, बांधलंय. कधी मागे हात लावून बघितलं नाही त्याने. सहा हिवाळे.” त्यांनी पातीवरून अंगठा फिरवला. “मला धोबीण म्हणायचा. सगळ्यांसमोर. धोबीणबाई, आज रक्त जास्त आहे, मीठ टाका. पोरं हसायची. एकदा मला उचलून धुण्याच्या पिंपात बसवला. तेव्हाही हसली.”

“म्हणून?”

“म्हणून काही नाही. मला त्याला एकदा हरलेला बघायचा होता. फक्त एकदा. पाच मिनिटं मार खाईल, ओठ फुटेल, दुसऱ्या दिवशी मलाच म्हणेल, धोबीण, शिव.” दगड पातीवर पुन्हा एकदा फिरला. “तो म्हणाला, बांधलंस? मी म्हटलं, बांधलंय. आणि कठड्याच्या दारात उभा राहून बघत होतो. पहिल्या दहा ठोशांपर्यंत, आयली, मला बरं वाटत होतं.”

खिडकीबाहेर कोणी तरी फावड्याने बर्फ ओढत होते. इसांनी रेइनोचा दुसरा स्केट उचलला.

“रेइनोला घालू देऊ नकोस ती.”

“कारण काय सांगू त्याला?”

गावात त्यांना अजूनही लोक कॉफीचे पैसे देऊ देत नसत. लुसियनची शवपेटी उचलणाऱ्या सहा जणांत ते होते.

“मग पट्टी शिव,” शेवटी ते म्हणाले. “दुहेरी दोऱ्याने. माझ्या हातून नको.”

संग्रहातल्या वस्तूला सुई लावायची नाही, हा नियम मी विद्यार्थ्यांना पहिल्या दिवशी शिकवते. त्या रात्री मी तो मोडला. नवी पट्टी, काळा दुहेरी दोरा, अकरा टाके. बटण ओढून पाहिले, पूर्ण वजन टाकून पाहिले. खरे बोलायला लागू नये म्हणून मी शिवत होते, हे तेव्हाही मला समजत होते. पण माझा भुतांवर विश्वास नव्हता, आणि विश्वास नसलेल्या माणसाला एक पक्की शिवण पुरेशी वाटते.

५

शनिवारी दोन वाजता गाव रिंकमध्ये कोंबले होते. इसा त्यांच्या जुन्या जागी, कठड्याच्या दारापाशी खुर्ची टाकून बसले. मी आत दालनात जर्सी वाटत होते. पोटे आत घेत, एकमेकांना टपल्या मारत ती चाळिशीतली पोरे तयार होत होती.

“डॅरिल, श्वास सोडू नकोस, शिवण जाईल.”

“तुझ्या बापाने गोल खाल्ले तेवढे तू पाव खाल्लेस वाटतं.”

रेइनोने सोळा नंबर चढवली. मग तो माझ्याकडे पाठ करून उभा राहिला, दोन्ही हात जरा बाजूला घेऊन, मान खाली घालून. खोलीतले बोलणे चालूच होते, पण मला ते भिंतीपलीकडून आल्यासारखे वाटले.

“बांधलंस?” तो म्हणाला.

हे मी त्याला सांगितले नव्हते. इसांनी सांगितले असते तर तो ती जर्सी घालून उभाच राहिला नसता.

मी पट्टी कमरपट्ट्यातून ओवली. बटण लागल्याचा टिच असा आवाज आला. दोनदा ओढून पाहिले.

“बांधलंय,” मी म्हटले, आणि ते खरे होते.

तो वळला आणि नेहमीसारखा हसला. “काय गं? तोंड का असं?”

६

दुसऱ्या सत्राच्या मध्याला रेइनो आणि डग हॅलेट पाहुण्यांच्या बाकासमोर आले आणि दोघांनी हातमोजे टाकले. लोक उठून उभे राहिले, हसत. खेळाडूंनीही गंमत म्हणून स्टिका बर्फावर टाकून दिल्या आणि हाताची घडी घालून कोंडाळे केले. पंचांनी नाटकी लवून त्यांना वाट करून दिली. डगने रेइनोच्या जर्सीला हात घातला, जेमतेम, चिमटीत धरल्यासारखा.

जर्सी वर गेली. मला पट्टी स्पष्ट दिसत होती. ती कमरपट्ट्यात होती, बटण लागलेले होते, माझा काळा दोरा पांढऱ्या कापडावर उठून दिसत होता. तरीही जर्सी वर गेली आणि रेइनोचे डोके तिच्यात नाहीसे झाले.

पहिला ठोसा बसला तेव्हा लोक हसले. दुसऱ्यालाही. डगने तिसरा मारला नाही. तो मागे सरकला, दोन हात मागे, चार हात मागे. त्याने दोन्ही तळवे वर केले होते आणि त्याचा चेहरा पांढरा पडला होता. पण जर्सीतले डोके झटक्याने उजवीकडे गेले, डावीकडे गेले, पुन्हा उजवीकडे. ओल्या मांसावर हाड आपटल्याचा आवाज प्रत्येक झटक्याला येत होता. सोळा आकड्याच्या वर कापडावर एक लाल ठिपका उमटला आणि रुंदावत गेला. माझा भाऊ गुडघ्यांवर आला. त्याला कोणी तरी त्याच जर्सीने धरून उभा केला. धरणारे तिथे कोणी नव्हते.

पंच बाजूला उभे होते. कोणीही आत गेले नाही. आणि स्टिकांचा ठेका सुरू झाला, फळ्यांवर, सगळीकडून, चढत जाणारा. स्टिका तर बर्फावर पडल्या होत्या.

कठड्याला टेकून मी ओरडायला तोंड उघडले असेन. आठवते ते एवढेच, की कठड्याचे दार उघडले आणि इसा बुटांनिशी बर्फावर उतरले. काठी दारातच राहिली. चौऱ्याहत्तर वर्षांचा माणूस त्या घसरत्या काचेवरून न डगमगता चालत गेला आणि लालभडक झालेल्या कापडासमोर उभा राहिला.

“नव्हतं बांधलं, लुसियन,” ते म्हणाले. आवाज मोठा नव्हता. तरी त्या ठेक्यात तो प्रत्येकाने ऐकला. “मी कापली होती. मी खोटं बोललो. हा माझा पोरगा आहे. याला सोड.”

झटके थांबले. जर्सी हळूहळू खाली आली, आतून कोणी नीट ओढून घ्यावी तशी. गळ्यातून आधी केस आले. मग, रेइनोचा चेहरा दिसण्याआधी, एक चेहरा तिथे होता. सुजून डोळ्यांच्या जागा बुजलेल्या होत्या. तो इसांच्या आवाजाच्या दिशेने वळला होता, आंधळा माणूस ओळखीच्या हाकेला वळतो तसा. मी पापणी लववली आणि तो रेइनो होता, ओठ फाटलेला, शुद्धीवर नसलेला. डगने पुढे होऊन त्याला काखेत धरले आणि ओढत बाहेर आणले.

इसा तिथेच थांबले. त्यांनी माझ्याकडे पाहिले, चष्मा काढला, घडी घातली आणि तो बर्फावरून माझ्याकडे सरकवला. तो घसरत माझ्यापाशी कठड्याला येऊन टेकला. मग त्यांनी दोन्ही हात बाजूला केले आणि रिकाम्या बर्फाकडे पाठ करून, मान खाली घालून उभे राहिले.

पहिल्या ठोशाने त्यांची मान वळली.

पाच मिनिटे. घड्याळ मी पाहिले नाही, पण ती पाच होती. ते पडत आणि उभे केले जात. दात बर्फावर उडाल्याचा आवाज मी ऐकला. मला वाटत होते, कोणी तरी आत जाईल. प्रत्येकाला तेच वाटत असावे.

७

रेइनो वाचला. त्याच्या डाव्या डोळ्याने आता फक्त उजेड कळतो. दोन आठवड्यांनी, जबडा तारेने बांधलेला असताना, तो इस्पितळात सावकाश म्हणाला, “आत मी एकटा नव्हतो.”

“कोण होतं?”

“माझ्या पाठीला चिकटून होता. पट्टी चाचपत होता सारखा.” तो थांबला. “आयली, तो मारत नव्हता. तो घाबरला होता.”

मग मारत कोण होते, हे मी त्याला विचारले नाही.

डॉक्टरांच्या कागदावर इसांच्या मृत्यूचे कारण हृदयविकाराचा झटका आणि बर्फावर पडल्याने झालेली इजा असे लिहिले आहे. चेहऱ्याची नऊ हाडे मोडली होती. एप्रिलमध्ये मी पुन्हा मुलाखती घेतल्या. डग, स्टॅन, डॅरिल, सामना भरवणारी समिती, प्रेक्षक. मोजून सदतीस. मी सगळ्यांना एकच प्रश्न विचारला, काय झालं. सगळे म्हणाले, आर्मस पडला. कोणी ‘घसरला’ म्हणाले नाही, ‘कोसळला’ म्हणाले नाही.

बोलताना सदतीसही जणांनी हात मांडीवर उपडे, तळवे झाकून ठेवले होते. ही गोष्ट मी टिपून ठेवली होती, पण तिचा अर्थ मी मे महिन्यापर्यंत लावला नाही. मे महिन्यात रिंक पाडली. त्याच्या आदल्या आठवड्यात माझा उजवा तळवा सुजला, आणि पाइन पोर्टेजला डग हॅलेटच्या दवाखान्याशेजारच्या डॉक्टरने त्यातून चिमट्याने लाकडाची तीन लांब कुसळे काढली. जुन्या, पिवळा रंग दिलेल्या फळीची.

“एवढं खोल?” तो म्हणाला. “कशावर आपटत होतात हात?”

मी सांगितले, पडले.